स्केटिंगला मराठींत काय म्हणावें?

नवी वस्तु गांवांत आली कीं तिच्यामागोमाग तिचें नांवहि येतें. वस्तूची किंमत मोजली म्हणजे ती घरीं आणतां येते. नांवाचें मात्र तसें नसतें. तें कोणत्या घराण्यांतलें, त्यास आपल्या भाषेंत कोठें बसवावें, त्याचा मान कोणता, ह्याचा निर्णय बोलणाऱ्यांस करावा लागतो. तो निर्णय बहुधा पंडितांच्या सभेंत होत नाहीं. तो बाजारांत, मैदानावर आणि शाळेच्या वर्गांत होतो. म्हणूनच ह्या अंकांत अशाच एका पाहुण्या शब्दाविषयीं विद्यार्थ्यांशीं आणि त्यांच्या पालकांशीं चार शब्द बोलण्याचें योजिलें आहे.

चाकें लावलेले बूट पायांत घालून गुळगुळीत फरशीवरून वेगानें जाण्याचा जो खेळ, त्यास जग स्केटिंग म्हणतें. मोठ्या शहरांतून हा खेळ पुष्कळ वर्षें चालत आला आहे. आतां तालुक्याच्या गांवींहि मुलें त्याचा हट्ट धरूं लागलीं आहेत. पण निबंधाच्या वहींत हा शब्द आला म्हणजे घोटाळा उडतो. समजा, एका मुलानें ‘माझ्याजवळ दोन स्केट्स आहेत’ असें लिहिलें. दुसऱ्यानें ‘मी स्केटिंगचा बॅलन्स करून टर्न मारला’ असें लिहिलें. तिसऱ्यानें शुद्ध मराठीच्या हौसेनें ‘मी घसरण्याचा खेळ खेळतों’ असें भाषांतर केलें. आणि चौथ्यानें आपल्या घरच्या बोलींत ‘मी चाकाचे जोडे घालून पयतो’ असें सांगितलें. वर्गांत हंशा पिकेल तो चौथ्याच्या वाक्यावर. आमचें मत असें आहे कीं, चौथा मुलगा सत्याच्या सर्वांत जवळ आहे आणि तिसरा सर्वांत दूर. तें कसें, हें आतां पाहूं.

प्रथम शब्दाचें कुळ विचारांत घेऊं. ‘स्केट’ हा शब्द इंग्रजांचा स्वतःचा नव्हे. त्यांनीं तो डच लोकांपासून घेतला, आणि डचांकडे तो फ्रेंचांकडून आला. जुन्या फ्रेंच भाषेंत त्याच्या मूळ शब्दाचा बर्फाशीं कांहीं संबंध नव्हता. त्याचा अर्थ होता ‘ज्यावर उभें राहून चालावयाचें ती उंच काठी’. छत्तीसगडांत हरेलीच्या सणास, आणि त्यास लागून असलेल्या पूर्व विदर्भाच्या कांहीं भागांत, मुलें बांबूच्या गेडीवर चढून पावसाळ्याच्या चिखलांतून चालतात. ती गेडी म्हणजेच ही काठी. फ्रेंचांची गेडी हॉलंडांत गेली आणि तेथील गोठलेल्या कालव्यांवरून जाण्याच्या साधनाचें नांव होऊन बसली. चिखल असो कीं बर्फ असो, जेथें साधें पाऊल टिकत नाहीं तेथून पार जाण्याचें साधन, एवढाच काय तो दोहोंतील धागा.

पुढें इंग्लंडचा राजा दुसरा चार्ल्स हा परदेशांतील वनवास संपवून १६६० सालीं परत आला. १६६२ च्या डिसेंबरांत लंडनच्या सेंट जेम्स उद्यानांत लोक ह्या साधनानें बर्फावर खेळत होते, अशी नोंद सॅम्युएल पीप्स ह्यानें आपल्या रोजनिशींत केली आहे. त्या काळीं इंग्रजांसहि हा शब्द, आज तो आपणांस आहे तितकाच, परका होता. आणि त्यांनीं त्याचें काय केलें तें पाहण्यासारखें आहे. डच शब्दाच्या शेवटीं ‘स’ होता व तो शब्द एकवचनी होता. इंग्रजी कानास तो ‘स’ अनेकवचनाचा वाटला. म्हणून त्यांनीं तो काढून टाकला आणि ‘स्केट’ असें नवेंच एकवचन घडविलें. स्केट नांवाचा एक मासा त्यांच्या भाषेंत आधींपासून होता. त्याचें नांव उत्तरेकडील नॉर्स भाषेंतून आलेलें. दोन परके शब्द एकाच रूपांत येऊन राहिले, तरी इंग्रजांच्या बोलण्यांत कधीं गोंधळ झाला नाहीं. परक्याचा शब्द घेतांना त्यास आपल्या घरचे नियम लावावे, हा धडा त्यांच्याच वागण्यांत आहे.

आतां चाकांची गोष्ट. अठराव्या शतकांत जॉन जोसेफ मर्लिन नांवाचा एक कुशल यंत्रकार लंडनमध्यें राहत असे. त्यानें चाकांचे स्केट केले आणि एका मेजवानीच्या प्रसंगीं ते पायांत घालून, हातांत व्हायोलिन घेऊन, तो वाजवीत वाजवीत दिवाणखान्यांत शिरला. वेग आला, पण वळतां येईना व थांबतांहि येईना. शेवटीं तो एका मोठ्या मौल्यवान आरशावर जाऊन आदळला, असें सांगतात. पुढें पुष्कळांनीं सुधारणा केल्या. पण खरी युक्ति साधली ती न्यूयॉर्कच्या जेम्स प्लिम्प्टन ह्यास, १८६३ सालीं. त्यानें दोन चाकें पुढें व दोन मागें बसविलीं आणि मध्यें रबराच्या गाद्या घातल्या. त्यामुळें खेळणारा ज्या बाजूस झुकेल त्या बाजूस चाकें आपोआप वळूं लागलीं. मर्लिनपाशीं गति होती, वळण नव्हतें; प्लिम्प्टननें गतीस वळण दिलें, आणि तेव्हांपासून हा खेळ सर्वांचा झाला.

आपल्या देशांतहि तो आतां नवा राहिलेला नाहीं. सिमल्यास नैसर्गिक बर्फावरील स्केटिंगचें मैदान १९२० पासून आहे. चाकांच्या स्केटिंगमध्यें २०१० च्या ग्वांगझू येथील आशियाई स्पर्धांत भारतास कांस्यपदकें मिळालीं. २ ऑक्टोबर २०२३ रोजीं हांगझौ येथील आशियाई स्पर्धांत ३००० मीटरच्या रिले शर्यतींत आपल्या पुरुषांच्या व स्त्रियांच्या दोन्ही संघांनीं कांस्यपदक मिळविलें. पुरुषांच्या संघांत सिद्धान्त कांबळे आणि विक्रम इंगळे हे महाराष्ट्राचे दोन खेळाडू होते. त्याच संघांतील तमिळनाडूचा आनंदकुमार वेलकुमार हा २०२५ च्या सप्टेंबरांत चीनमध्यें झालेल्या जागतिक स्पर्धेंत १००० मीटरच्या शर्यतींत जगज्जेता ठरला. ह्या खेळांत असा मान मिळविणारा तो पहिला भारतीय होय.

आतां तिसऱ्या मुलाच्या भाषांतराकडे वळूं. आपले खेळाडू हांगझौस तीन हजार मीटर ‘घसरले’ असें कोणी लिहिलें, तर वाचणाऱ्यास काय वाटेल? त्यांस पदक मिळालें असें वाटणार नाहीं. त्यांच्यावर कांहीं संकट कोसळलें असेंच वाटेल. कारण मराठींत घसरणें ही क्रिया बहुधा कर्त्याच्या इच्छेविरुद्ध घडते. पाय घसरतो, जीभ घसरते, गाडी रुळावरून घसरते, मनुष्य आपल्या वचनावरून घसरतो. आपल्या अकोटांत तर ह्या शब्दाचा अर्थ कोशांत पाहण्याची गरजच नाहीं. कापसाचा भाव घसरला, एवढे शब्द बाजारांतून घरीं आले कीं त्या घरच्या लग्नाची तिथि पुढें जाते, मुलाची नवी पुस्तकें लांबणीवर पडतात, आणि चुलीपाशीं कोणी मोठ्यानें बोलत नाहीं. ज्या शब्दानें वऱ्हाडांतल्या घराघरास इतका ताप दिला, तो शब्द एका आनंदाच्या आणि कौशल्याच्या खेळास लावावा काय? घसरगुंडीवर मूल हौसेनें घसरतें हें खरें. पण तेथेंहि मूल स्वतः कांहीं करीत नाहीं. तें वर जाऊन बसतें, आणि पुढचें काम उतार करितो.

आणि हा केवळ भावनेचा प्रश्न नाहीं. खेळाच्या क्रियेकडे नीट पाहिलें तर ‘घसरणें’ हा शब्द अर्थानेंहि खोटा ठरतो. चाकांच्या बुटावर उभा असलेला मुलगा पुढें कसा जातो? चाकें पुढेंमागें सहज फिरतात, पण आडवीं सरकत नाहींत. म्हणून तो पाऊल किंचित् बाहेर वळवून जमीन आडवी लोटतो. जमीन चाकांस धरून ठेवते, आणि त्या आधारानें त्याचें अंग पुढें जातें. मग दुसरें पाऊल, पुन्हां पहिलें. चाकें जर आडवींहि घसरूं लागलीं, तर तो जागच्या जागीं पाय हलवीत राहील किंवा पडेल. बर्फावरहि तसेंच. तेथें पात्याची धार बर्फांत किंचित् रुतते. धारेच्या दिशेनें पाऊल सरकतें, आडव्या दिशेनें तें रोखलें जातें. म्हणजे ह्या खेळांतील सगळी विद्या ‘कोठें सरकावें आणि कोठें घट्ट धरावें’ ह्या एका विवेकांत आहे. पावसाळ्यांत आपल्या काळ्या मातीच्या पायवाटेवर ज्याचा पाय निसरतो तो घसरतो. स्केटवर उभा राहिलेला घसरत नाहीं. तो धांवतो, झुकतो, वळतो, गिरकी घेतो आणि थांबतो. ‘चाकाचे जोडे घालून पयतो’ असें म्हणणाऱ्या मुलानें हेंच पाहिलें होतें. त्याच्या ‘पयतो’मध्यें ‘ळ’चा ‘य’ झाला असेल, पण पळण्याचा अर्थ जागचा हलला नाहीं.

येथें कोणी भाषाभिमानी सद्गृहस्थ म्हणतील कीं, घसरणें नको तर नको. ‘चक्रपादुका’ म्हणा, संस्कृतांतून नवा शब्द घडवा, पण परका शब्द नको. ह्या मताचा आम्ही अनादर करीत नाहीं. स्वातंत्र्यवीर सावरकरांनीं भाषाशुद्धीची जी चळवळ चालविली तिच्यामुळें ‘महापौर’ व ‘दिनांक’ ह्यांसारखे शब्द आज आपण सहज वापरतों. कवि माधव जूलियन ह्यांनीं १९२५ सालीं फारसी-मराठी कोश रचला, आणि त्यांनींच १९३८ सालीं ‘भाषाशुद्धि-विवेक’ हा ग्रंथ लिहिला. परकीय शब्दांचें मर्म जाणणाऱ्या विद्वानासहि स्वभाषेची काळजी वाटली, हें ध्यानांत ठेवण्यासारखें आहे. त्यांच्या ग्रंथाच्या नांवांत शुद्धीपुढें ‘विवेक’ हा शब्द जोडलेला आहे, आणि आम्हीहि विवेकच मागतों. महापौर आणि दिनांक हे शब्द कचेरीच्या कागदावर येतात. कागदास आज्ञा करतां येते. खेळांतल्या शब्दास आज्ञा चालत नाहीं. धांवतां धांवतां सोबत्यास हांक मारून सांगतां येईल इतका तो आटोपशीर हवा. ‘अरे, माझी चक्रपादुका सैल झाली’ असें ओरडून सांगेपर्यंत तो मुलगा पडलेला असेल!

शिवाय, परका शब्द घेतल्यानें मराठी बाटते असें म्हणावें, तर अकोटकरांनीं प्रथम आपली सतरंजी गुंडाळून ठेविली पाहिजे. जुन्या काळीं अकोटच्या सतरंज्या वऱ्हाडांत नांवाजलेल्या होत्या. पण ‘सतरंजी’ हा शब्द फारसींतील शतरंज म्हणजे बुद्धिबळ ह्यावरून आला. बुद्धिबळाच्या पटासारखीं घरें जिच्यावर विणलेलीं ती सतरंजी. आणि तो शतरंज तरी कोठला? संस्कृतांतील ‘चतुरंग’ हाच इराणांत जाऊन शतरंज झाला. म्हणजे आपलाच शब्द परदेश करून, वेष पालटून परत आला, आणि आपण त्यावर पंगती बसविल्या. आपण ज्यास ‘बर्फ’ म्हणतों तो शब्दहि फारसीच. चावी, पगार, साबण, बटाटा हे शब्द पोर्तुगीज लोकांबरोबर आले. ह्यांतील एकाहि शब्दास आज कोणी पाहुणा म्हणत नाहीं.

ह्याहून जवळचा दाखला आपल्या गांवच्या कापसाचा आहे. नागपूरकडे जाणारा लोहमार्ग १८६७ सालीं पुरा झाला, आणि त्या सुमारापासून वऱ्हाडांत सरकी काढण्याचीं व गाठी बांधण्याचीं यंत्रें येऊं लागलीं. त्यांच्याबरोबर ‘जिनिंग’ हा शब्द आला. इंग्रजींत हें क्रियेचें नांव. पण आपल्याकडील शेतकऱ्यानें त्यास जागेचें नांव करून टाकलें. ‘बाबा जिनिंगवर गेले’, ‘गाडी जिनिंगांत उभी आहे’, असें आपण रोज ऐकतों. ज्यानें इंग्रजीचें एक अक्षर वाचलेलें नाहीं अशा मनुष्यानेंहि ह्या शब्दास मराठी विभक्ति लाविली, आणि शब्द मराठी झाला. अलीकडे मीटरगेज जाऊन अकोला-अकोट मार्गावर २०२२ च्या नोव्हेंबरांत ब्रॉडगेजची गाडी धांवूं लागली. तेव्हांहि गांवोगांवच्या ओट्यांवर ‘मीटरगेज’ आणि ‘ब्रॉडगेज’ हे शब्द कोणास अडले नाहींत. ‘जिनिंग’ जर मराठी, तर ‘स्केटिंग’नेंच असा कोणता अपराध केला आहे?

म्हणून आमचें म्हणणें असें कीं, ‘स्केट’ आणि ‘स्केटिंग’ हे दोन शब्द मराठीनें निःसंकोच घ्यावे. पण घेतांना त्यांस आपल्या घरचें व्याकरण लावावें. आपण ‘एक बूट, दोन बूट’ म्हणतों; ‘दोन बूट्स’ म्हणत नाहीं. तसेंच ‘एक स्केट, दोन स्केट’ म्हणावें. ‘स्केट्स’ लिहिण्याचें कारण नाहीं. इंग्रजांनीं डच शब्दाच्या शेवटचा ‘स’ कापला. आपण इंग्रजीच्या शेवटचा कापूं. ‘स्केटला तेल दे’, ‘स्केटचें चाक निखळलें’, ‘स्केटवर उभा राहा’, असें म्हटलें कीं शब्द आपोआप आपला होतो.

मात्र एक मर्यादा पाळिली पाहिजे. नवरदेवाचें स्वागत करावें हें योग्य. पण त्याच्याबरोबर आलेल्या सगळ्या वऱ्हाडास कायमचें घरांत राहूं द्यावें असें नाहीं. ‘स्केट’ ह्या वस्तूस मराठींत नांव नव्हतें, म्हणून तो शब्द घेतला. ‘बॅलन्स’, ‘टर्न’, ‘स्पीड’, ‘फॉल’ ह्यांस नांवें नव्हतीं काय? तोल, वळण, वेग आणि पडणें हे शब्द आपल्या आज्यापणज्यांपासून चालत आले आहेत. ‘बॅलन्स गेला’ म्हणण्यानें पडणाऱ्यास कमी लागतें असेंहि नाहीं. ज्याची उणीव आहे तें उसनें घ्यावें. घरीं भरलेलें असतां शेजारीं मागावयास जाणें हें आळसाचें लक्षण होय. वर सांगितलेल्या दुसऱ्या मुलाचा दोष तो हाच.

तीच गोष्ट वाक्प्रचारांची. इंग्रजींत धोक्याचें काम करणाऱ्यास ‘पातळ बर्फावर स्केटिंग करणारा’ म्हणतात. ज्या देशांत हिंवाळ्यांत तळीं गोठतात तेथें हें बोलणें शोभतें. बर्फ फुटून माणूस बुडाल्याचें त्यांनीं पाहिलेलें असतें. अकोटच्या उन्हाळ्यांत वाढलेल्या आणि माठांतलें पाणी पिणाऱ्या मुलानें निबंधांत हा बर्फ आणूं नये. तो वाचणाऱ्याच्या डोळ्यांपुढें उभाच राहत नाहीं. आपल्याकडे डोंबाऱ्याचा खेळ पाहून ‘तारेवरची कसरत’ हा वाक्प्रचार रूढ झाला. ‘सुळावरची पोळी’ हा तर त्याहून जुना. वस्तु परदेशाहून येते तेव्हां तिचें नांव चालेल. परंतु उपमा आपल्या डोळ्यांनीं पाहिलेल्या जगांतूनच आली पाहिजे.

आतां पालकांस दोन शब्द. ३ ऑक्टोबर २०२४ रोजीं केंद्र सरकारनें मराठीस अभिजात भाषेचा दर्जा दिला, ह्याचा आपणां सर्वांस आनंद झाला. परंतु दर्जा दरबारांत मिळाला, तरी भाषा जगते ती मुलांच्या तोंडीं. ‘चाकाचे जोडे’ म्हणणाऱ्या मुलास आपण हंसलों, तर तें मूल पुढच्या वेळीं बरोबर शब्द बोलेल असें नाहीं. बहुधा तें बोलणेंच टाकील. ज्या मुलाच्या घरीं इंग्रजी वर्तमानपत्र येत नाहीं, त्यास नव्या वस्तूचें नांव ठाऊक नसतें. म्हणून तें आपल्या डोळ्यांनीं पाहून तिचें वर्णन करितें. त्यास अडाणीपणा म्हणूं नये. भाषा घडविण्याची शक्ति ती हीच. प्लिम्प्टनच्या यंत्राचें वर्णन ‘चाकांचे जोडे’ ह्या दोन शब्दांहून थोडक्यांत विद्वानासहि करतां येणार नाहीं. त्या मुलास ‘स्केट’ हा शब्द अवश्य सांगावा, पण त्याचें वर्णन पुसून टाकूं नये. दोन्ही वहींत राहूं द्यावीं.

आणि विद्यार्थिमित्रांनो, तुम्हांस एवढेंच सांगणें आहे. भाषा वापरणें हें बरेंचसें स्केटवर उभें राहण्यासारखें आहे. सर्व बाजूंनीं घट्ट धरून बसाल तर जागचे हलणार नाहीं. सर्व बाजूंनीं सैल सोडाल तर पडाल. कोठें सरकूं द्यावें आणि कोठें धरून ठेवावें, हें ज्यास कळलें त्यासच वेग आणि वळण दोन्ही साधतात. ह्यापुढें एखादी नवी वस्तु गांवांत आली, तर प्रथम ती नीट पाहा. ती काय करिते तें आपल्या शब्दांत सांगून पाहा. तिचें नांव आपल्या भाषेंत नसेल तर तें उसनें घ्या आणि त्यास मराठी विभक्ति लावा. जिनिंगवर राबणाऱ्या तुमच्या आजोबांनीं हें न शिकवितां केलें. तुम्ही तर शाळेंत शिकतां. तुम्हांस तें समजून उमजून करतां आलें पाहिजे.